काले मोआ : सामोआचा कोंबडी-रस्सा



प्रशांत महासागरातील सामोआ हा बेटांचा देश 1962 साली स्वतंत्र झाला. तेथे कोंबडीला 'मोआ' आणि करीला 'काले' म्हणतात.

साहित्य : 1 किलो कोंबडी, 2 कांदे, 4 लसूण पाकळ्या, आले, 2 चमचे करी पावडर, 2 बटाटे, 2 गाजरे, 1 वाटी नारळाचे घट्ट दूध, तेल, मीठ. करी पावडर नसल्यास हळद, धणे-जिरेपूड व मिरपूड चालेल.

कृती : तेलात कांदा, आले, लसूण परता. पावडर व कोंबडी घालून पुन्हा परता. 2 वाट्या पाणी व मीठ घालून 20 मिनिटे शिजवा. बटाटे, गाजरे घालून मऊ होऊ द्या. शेवटी मंद आचेवर नारळाचे दूध घाला. खळखळून उकळू नका, दूध फुटते. भाताबरोबर वाढा.

सामोआत तापल्या दगडांची 'उमू' भट्टी लावून रांधण्याचे काम परंपरेने तरुण मुलांचे. आम्हीही हा रस्सा घरातल्या मुलांकडूनच करवून घेतला. आठवडाभर राबणाऱ्या आईने रविवारीही चुलीपुढेच उभे राहावे काय? बाबासाहेबांची समता आपल्या स्वयंपाकघरातही आली पाहिजे. येत्या रविवारी कांदा मुलाने चिरावा, आईने पहिल्या पंगतीला बसावे!