व्यवसाय : बेकार

विद्वानांनी राजकारणाच्या चिखलात पाय घालू नये, इतिहासकाराने दप्तरखान्यात बसून जुने कागद वाचावेत आणि वर्तमानाचा निवाडा राज्यकर्त्यांवर सोपवावा, असा उपदेश विद्यापीठांच्या व्यासपीठांवरून नित्य ऐकू येतो. उपदेश करणारे स्वतःला तटस्थ म्हणवतात. ही तटस्थता कोणाच्या सोयीची असते, हे ज्यांना पाहावयाचे असेल त्यांनी वॉल्टर रॉडनी या गयानी इतिहासकाराचे चरित्र नजरेखालून घालावे. पश्चिम आफ्रिकेच्या इतिहासाचा हा अधिकारी अभ्यासक १३ जून १९८० रोजी आपल्याच जन्मगावी, जॉर्जटाऊन येथे, बाँबस्फोटात मारला गेला. तेव्हा त्याचे वय अवघे ३८ वर्षांचे होते. त्याच्या मृत्यूच्या दाखल्यात व्यवसायाच्या रकान्यात सरकारने शब्द लिहिला : ‘बेकार’.

हा शब्द कोणा कारकुनाच्या हातून चुकून पडलेला नव्हता. या विद्वानाला बेकार ठेवण्यासाठी एक राज्ययंत्रणा सहा वर्षे राबली होती.

रॉडनीचा जन्म १९४२ सालचा. वडील शिंपी, आई शिवणकाम करणारी. शिष्यवृत्तीच्या बळावर तो शिकला. १९६३ मध्ये जमैकातून इतिहासाची पहिल्या वर्गातील पदवी आणि १९६६ मध्ये, वयाच्या २४व्या वर्षी, लंडन विद्यापीठाची डॉक्टरेट त्याने मिळविली. प्रबंधाचा विषय होता १५४५ ते १८०० या काळातील उत्तर गिनी किनाऱ्याचा इतिहास. पोर्तुगाल आणि स्पेनमधील दप्तरे मूळ भाषांत वाचून त्याने दाखविले की, ज्या स्थानिक गुलामगिरीकडे बोट दाखवून युरोपीय इतिहासकार आपल्या पूर्वजांचे पाप हलके करीत, ती त्या किनाऱ्यावर बहुतांशी अटलांटिक व्यापारानेच पोसलेली होती. १९७० साली ऑक्सफर्डने हा ग्रंथ प्रसिद्ध केला. हिशेब १८०० सालापाशी थांबत होता, तोवर साम्राज्याच्या राजधानीलाही त्याचे कौतुक होते.

तंटा सुरू झाला तो हिशेब पुढे ओढला जाताच. १९६८ साली जमैकात अध्यापन करताना रॉडनी वर्ग सुटल्यावर किंग्स्टनच्या गलिच्छ वस्त्यांत जाऊन बसे आणि विद्यापीठाची पायरीही न चढलेल्या तरुणांशी आफ्रिकेच्या इतिहासावर बोलत असे. त्याने ना बंदूक वाटली, ना पक्ष काढला. तरीही ऑक्टोबर १९६८ मध्ये तो माँट्रियलच्या परिषदेहून परतला तेव्हा ह्यू शिअरर यांच्या सरकारने त्याला विमानातून उतरूही दिले नाही. दुसऱ्या दिवशी विद्यार्थ्यांनी मोर्चा काढला, त्याला शहरातील गरीब जनता येऊन मिळाली आणि किंग्स्टन पेटले. इतिहासाचे व्याख्यान निरुपद्रवी असते म्हणणाऱ्यांनी सांगावे, एका अध्यापकाच्या व्याख्यानांना सरकार एवढे का भ्याले?

पुढे १९७४ पर्यंत तो टांझानियातील दार-एस-सलाम विद्यापीठात होता. आफ्रिकेच्या मुक्तिलढ्यांचे कार्यकर्ते त्या शहरात वावरत होते. तेथेच ‘युरोपने आफ्रिकेला अविकसित कसे केले’ हा त्याचा ग्रंथ सिद्ध झाला आणि १९७२ साली प्रसिद्ध झाला. दारिद्र्य ही आफ्रिकेची जन्मजात अवस्था नव्हे, ती एका संबंधातून निपजलेली अवस्था आहे. ज्या प्रक्रियेने युरोप संपन्न झाला तिनेच आफ्रिका रिती झाली, हा त्याचा सिद्धान्त. वसाहतवाद्यांनी रेल्वे बांधली हे खरे. पण ते रूळ खाणीतून आणि मळ्यातून निघून थेट बंदराला जाऊन भिडतात, हे नकाशावर कोणीही पाहावे. भारतीय वाचकाला हे सांगावे लागू नये.

या ग्रंथावर आक्षेप असा की त्यात सारा दोष गोऱ्यांच्या माथी मारला आहे. ज्यांनी रॉडनी वाचलेला नाही त्यांचाच हा आक्षेप असू शकतो. माणसे पकडून जहाजवाल्यांना विकणारे आफ्रिकी राजे आणि सरदार त्याच्या पानापानांवर भेटतात. त्याने निवाडा वर्णावरून केला नाही, वर्गावरून केला. म्हणूनच त्याचे पुढचे शत्रू गोरे नव्हते.

१९७४ साली तो मायदेशी परतला. गयाना विद्यापीठाने त्याला प्राध्यापक व इतिहास विभागाचा प्रमुख म्हणून निवडले होते. फोर्ब्स बर्नहॅम यांच्या सरकारच्या दबावाने ती नेमणूक रद्द झाली. बर्नहॅम हे कृष्णवर्णीय होते, स्वातंत्र्यलढ्यातून आलेले होते आणि स्वतःला समाजवादी म्हणवीत होते. त्यांनी १९७१ मध्ये बॉक्साइटच्या खाणी आणि १९७६ मध्ये बुकर कंपनीचे साखरमळे राष्ट्राच्या मालकीचे केले. परंतु ज्या राजवटीत मतपेट्या पळविल्या जातात आणि कामगाराच्या संपाला लाठीने उत्तर मिळते, तेथे मालकीची पाटी बदलल्याने मालक बदलत नाही. समाजवादाचे नाव घेऊन श्रमिकांचाच गळा दाबणाऱ्या या ढोंगाचा बुरखा फाडावयाचा तर तो समाजवाद्यानेच फाडला पाहिजे, हे रॉडनीने ओळखले होते.

‘मग तो राजकारणापायी मेला, इतिहासापायी नव्हे’ असे तटस्थ पंडित म्हणतील. त्यांनी त्याचा अखेरचा संशोधनग्रंथ उघडावा. १८८१ ते १९०५ या काळातील गयानी श्रमिकांचा हा इतिहास त्याच्या मृत्यूनंतर १९८१ साली प्रसिद्ध झाला आणि १९८२ मध्ये अमेरिकन इतिहास परिषदेचे पारितोषिक त्याला मिळाले. त्या ग्रंथात आपलीच माणसे आहेत. १८३८ ते १९१७ या काळात कलकत्ता आणि मद्रास बंदरांतून सुमारे २ लाख ३९ हजार हिंदी मजूर गिरमिटावर गयानाच्या साखरमळ्यांत नेले गेले. गुलामगिरीतून सुटलेल्या आफ्रिकी मजुरांनी १८४२ साली संप करून मजुरीतील कपात हाणून पाडली होती; १८४८ चा संप मात्र फसला, कारण तोवर मळेवाल्यांच्या हाती बाहेरून आणलेले मजूर होते. काळ्याच्या मनात हिंदी मजुराविषयी आणि हिंदी मजुराच्या मनात काळ्याविषयी जे विष भिनले, त्याचे मूळ रक्तात नव्हते, मळेवाल्याच्या हजेरीपटात होते. आणि हिंदी मजूर मुकाट सोसणारा होता हेही खोटे. तो वारंवार संपावर गेला, १८९६ साली नॉन पारेल मळ्यावर त्याच्या पाच भावांनी गोळ्या खाल्ल्या.

बर्नहॅम यांची सत्ता नेमक्या याच दुहीवर उभी होती. आफ्रिकी कामगाराला हिंदी कामगाराचा बागुलबुवा दाखवावा आणि राज्य करावे. श्रमिक जनता आघाडीच्या सभांत रॉडनी दोघांना एकत्र बसवीत होता. दप्तरखान्यातील निष्कर्ष आणि चौकातील भाषण यांत एका अक्षराचे अंतर नव्हते. मुलांसाठी आफ्रिकेतून आलेल्या कोफीची गोष्ट लिहिणाऱ्या या माणसाने हिंदुस्थानातून आलेल्या लक्ष्मीचीही गोष्ट लिहून ठेवली होती.

१९७९ साली त्याच्यावर जाळपोळीचा खटला भरण्यात आला. वर्षभरात बिनतारी संदेशयंत्रात दडविलेल्या बाँबने त्याचा बळी घेतला. यंत्र देणारा लष्करातील सार्जंट फ्रेंच गयानात सुखरूप पोचला. स्फोटात जखमी झालेल्या भावाला मात्र स्फोटके बाळगल्याबद्दल १९८२ साली दोषी ठरविण्यात आले. १९८८ च्या चौकशीने मृत्यू अपघाती ठरविला. २०१६ साली चौकशी आयोगाने हा राज्यसंस्थेने घडविलेला खून असल्याचा व बर्नहॅम यांना कट ठाऊक असल्याचा निष्कर्ष काढला. २०२१ मध्ये भावाची शिक्षा रद्द झाली, संसदेने आयोगाचे निष्कर्ष स्वीकारले आणि त्या दाखल्यातील ‘बेकार’ हा शब्द काढून ‘प्राध्यापक’ लिहिण्याचे सरकारने जाहीर केले. राज्यसंस्थेला हा एक शब्द दुरुस्त करण्यास ४१ वर्षे लागली.

आज जगभरच्या विद्यापीठांत रॉडनीच्या नावाने व्याख्यानमाला चालतात. चालू द्याव्यात. परंतु त्या व्याख्यानांत १८०० सालापर्यंतचाच हिशेब वाचला जाणार असेल, आजचा मळेवाला कोण आणि त्याच्या हजेरीपटात कोणाची नावे कोणाविरुद्ध लिहिली आहेत हे विचारले जाणार नसेल, तर तो सन्मान रॉडनीचा नव्हे. ज्या तटस्थतेने त्याला बेकार केले, तिचाच तो सन्मान होय. इतिहासकाराने बाजू घ्यावी की नाही, हा प्रश्न मुळी खोटा आहे. दप्तरे ज्यांनी लिहविली त्यांनी आपली बाजू केव्हाच घेतली आहे; हजेरीपटात ज्यांची नुसती संख्या लागली, त्यांची बाजू घेणारे इतिहासकार अद्याप थोडेच आहेत.