पगडी तिची, डोकंही तिचंच

गेल्या महिन्यात भाचीच्या साखरपुड्याला नांदेडला गेले होते. शेजारी शीख कुटुंब. सकाळी अंगणात मायलेकी लांबच लांब निळं कापड दोन टोकांना धरून ताणत होत्या. मला वाटलं, साडीच असेल! तर ती लेकीची पगडी. पाच-सहा मीटरची घडी एकटीला आवरत नाही, दुसरं टोक धरायला कुणीतरी लागतं. या घडी घालण्याला पंजाबीत ‘पूणी’ म्हणतात. पगडी म्हणजे ‘पग्ग’, आदरानं म्हणायचं तर ‘दस्तार’. दस्तार बांधून पोरगी स्कूटीवर कॉलेजला गेली. मागोमाग दुसऱ्या गाडीवर आई निघाली, डोक्यावर नुसती ओढणी. हेल्मेट दोघींनाही नाही.

मला चंडीगडचा वाद आठवला. जुलै २०१८ मध्ये तिथल्या प्रशासनानं बायकांनाही हेल्मेट सक्तीचं केलं. सूट फक्त पगडी बांधणाऱ्या शीख स्त्रियांना. मोटार वाहन कायद्याचं कलम १२९ सुद्धा पगडी बांधलेल्या शीख व्यक्तीलाच सूट देतं. पण अकाली दलानं आणि शीख संघटनांनी विरोध केला आणि ऑक्टोबरमध्ये केंद्रीय गृहमंत्रालयानं सांगितलं, सगळ्याच शीख स्त्रियांना सूट द्या. दिल्लीनं २०१४ मध्ये हेच केलं होतं.

विरोध करणाऱ्यांचं म्हणणं उडवून लावण्यासारखं नाही. शीख आचारसंहितेत, म्हणजे रहत मर्यादेत, टोपी वर्ज्य आहे. हेल्मेट ही टोपीच, असं ते मानतात. शिवाय पगडी नाही म्हणून एखादी बाई कमी शीख ठरते का? नाहीच. बाईनं दस्तार बांधावी की नाही, हे रहत मर्यादेनं तिच्यावरच सोडलंय.

पण मैत्रिणींनो, पगडीवर हेल्मेट बसत नाही ही साधी अडचण आहे. वेणीवर ते बसतं. (अंबाड्यावर जरा कठीण, मान्य.) ओढणीनं डोकं झाकतं, वाचत नाही.

पंजाबात पगडी म्हणजे घराण्याची इभ्रत. वडील गेले की ‘रसम पगडी’त थोरल्या मुलाच्या डोक्यावर ती बांधतात, घर आता त्याचं. १९०७ च्या शेतकरी आंदोलनाचं नावच ‘पगडी संभाल जट्टा’. या पुरुषी मानात आपला वाटा घेणारी नांदेडची ती मुलगी मला आवडली. धोका तिलाही आहेच, पण दस्तार तिनं स्वतः निवडलीय. ओढणीवालीला सूट देताना मात्र तिच्या जिवापेक्षा समाजाचा मान मोठा धरला, असं मला वाटतं.

संध्याकाळी भाभींना म्हटलं, ‘‘तुम्हाला तर कायद्यानंही सूट नाही.’’

‘‘ताई, हेल्मेट आहे ना घरात,’’ त्या हसल्या. ‘‘ह्यांनी आणलंय. पण ओढणी सरकते हो.’’

ते हेल्मेट मी पाहिलं. स्वयंपाकघरात, फळीवर. आत लसूण ठेवला होता.