म्हात्रे पुलापासून श्रीनगरपर्यंत : गंजूंच्या खुनाचा तपास कुणी केला?

पुणेकरांनो, म्हात्रे पूल रोजचाच. डीपी रोडच्या लग्नसराईत तिथे अडकून आपण सगळ्यांनीच शिव्या घातल्यात. पण हे म्हात्रे कोण? परवा ऑफिसात विचारलं तर एकजण म्हणाला, "कुणी जुने नगरसेवक असतील." नाही हो. रवींद्र म्हात्रे हे बर्मिंगहॅममधल्या भारतीय वकिलातीतले अधिकारी. फेब्रुवारी १९८४ मध्ये जेकेएलएफशी संबंधित टोळीने त्यांना पळवलं. मकबूल बटला सोडा, ही मागणी. सरकार नमलं नाही, दोन-तीन दिवसांत म्हात्रेंचा मृतदेह सापडला आणि ११ फेब्रुवारीला बटला तिहारमध्ये फाशी दिली.

आज लिहायचंय ते या गोष्टीतल्या दुसऱ्या माणसाबद्दल. त्यांच्या नावाचा पूल आपल्याकडे नाही.

नीलकंठ गंजू. १९६८ साली श्रीनगरला सेशन्स जज होते. समोर खटला आला तो सीआयडी इन्स्पेक्टर अमर चंद यांच्या १९६६ मधल्या खुनाचा. आरोपी मकबूल बट. गंजूंनी पुरावे बघितले आणि फाशी सुनावली. बस्स, एवढाच त्यांचा 'गुन्हा'. बट त्याच वर्षी डिसेंबरात तुरुंगातून भुयार खणून पळाला, १९७६ ला परत सापडला, पुढे राष्ट्रपतींनी दयेचा अर्ज फेटाळला. निकाल आणि फाशी यांच्यात सोळा वर्षं गेली. मधे किती सरकारं, किती सह्या, किती टेबलं! गोळ्या मात्र ज्याने पहिली सही केली त्याला.

४ नोव्हेंबर १९८९. श्रीनगरची हरिसिंग हाय स्ट्रीट, हायकोर्टापासून जवळच, भर बाजार. तोवर गंजू निवृत्त झाले होते. दीड-पावणेदोन महिने आधी, १४ सप्टेंबरला, भाजपचे नेते आणि वकील टिकालाल टपलू यांना घराजवळ मारलं होतं. म्हणजे वारं कुठून वाहतंय हे सरकारला कळायला हवं होतं. ज्या जजने एवढ्या मोठ्या अतिरेक्याला फाशी सुनावली, तो म्हातारा माणूस बाजारात बिनधास्त मारता आला. दिल्लीत राजीव गांधी, श्रीनगरात फारूक अब्दुल्ला. लिहून ठेवा.

आता काही मित्र म्हणतील, "ती फाशीची प्रतिक्रिया होती, संदर्भ समजून घ्या." १९८७ च्या निवडणुकीतली गडबड मला मान्य आहे. बटला फाशी द्यायची घाई झाली, हेही कुणी म्हटलं तर बसून बोलू. पण निकाल पटला नाही म्हणून निवृत्त जजला गोळ्या घालायच्या आणि त्याला 'प्रतिक्रिया' म्हणायचं? मग उद्या कुठल्या जजने कुठल्या गुंडाला शिक्षा सुनवायची, आणि का?

महिन्याभरात, ८ डिसेंबरला, त्याच श्रीनगरात नव्या गृहमंत्र्यांच्या मुलीचं अपहरण झालं. पाच दिवसांत पाच अतिरेकी सोडले. मुलगी सुखरूप आली, चांगलंच झालं, तिच्याबद्दल एक अक्षर वाईट बोलणार नाही. पण म्हात्रेंच्या वेळी जो कणा ताठ होता, तो मंत्र्याच्या घरापाशी आल्यावर कुठे गेला? पुढच्या फेब्रुवारीत दूरदर्शनचे संचालक लासा कौल गेले, एप्रिलमध्ये काश्मीर विद्यापीठाचे कुलगुरू मुशीर-उल-हक यांना पळवून मारलं. हिंदू, मुसलमान दोन्ही. सरकारी खुर्चीतला माणूस असणं पुरेसं होतं.

आणि आपण, जे दर १९ जानेवारीला गंजूंचा फोटो शेअर करतो? त्यांच्या खुनासाठी आजवर कुणालाही शिक्षा झालेली नाही, हे किती जणांना माहीत आहे? वाजपेयींची सहा वर्षं गेली, मनमोहन सिंगांची दहा गेली. २०१७ मध्ये पंडितांच्या हत्यांच्या २१५ केसेस पुन्हा उघडा म्हणून लोक सुप्रीम कोर्टात गेले, तर उत्तर मिळालं की २७ वर्षं झाली, आता पुरावे कुठून येणार. अहो, पण ती २७ वर्षं काय मेलेल्यांच्या घरच्यांनी वाया घालवली? कोर्टाने आपल्याच पेशातल्या माणसाच्या खुनाबद्दल तरी एकदा सरकारला विचारायचं होतं, की बाबा, कागद काढा, काय केलंत ते दाखवा.

शेवटी ऑगस्ट २०२३ मध्ये जम्मू-काश्मीरच्या स्टेट इन्व्हेस्टिगेशन एजन्सीने जाहीर आवाहन केलं : गंजूंच्या खुनाबद्दल कुणाला काही माहीत असेल तर पुढे या, नाव गुप्त ठेवू. चौतीस वर्षांनी! ज्यांनी त्या दिवशी बाजारात डोळ्यांनी बघितलं, त्यातले जे तेव्हा चाळिशीत होते ते आज पंच्याहत्तरीच्या पुढे. दिल्लीत २०१४ पासून आवाहन करणाऱ्यांचंच राज्य होतं, तरी नऊ वर्षं लागली. त्या आवाहनाचं पुढे काय झालं, हे आपल्या खासदारांना कुणी विचारलंय का? मी मेल केलाय. उत्तर आलं की इथेच टाकतो.