ताईचे बीजगणित आईच्या टोपलीत



काही मोठी माणसे म्हणतात, "पोरीला बीजगणित कशाला? क्ष आणि य काय भाजीत घालायचे?" माझी ताई आठवीत आहे. हायस्कूल दुसऱ्या गावी, म्हणून आमच्या घरात पण असे बोलणे निघते. मला ते मुळीच पटत नाही. बीजगणित भाजीतच आहे, बघा.

आई बाजारात भाजी विकते. समजा मेथीच्या १२ जुड्या आणि कोथिंबिरीच्या १८ आहेत. वाटे सारखे पाहिजेत, एकही जुडी उरायला नको. २ वाटे होतात, ३ पण होतात, पण एवढा मोठा वाटा कोण घेणार? १२ आणि १८ या दोघांना भागणारी सर्वांत मोठी संख्या ६. तिलाच मसावि म्हणतात. म्हणून ६ वाटे, एकेकात २ मेथी, ३ कोथिंबीर. ताईच्या वहीत हेच असते:

१२म + १८क = ६(२म + ३क)

म म्हणजे मेथीच्या एका जुडीचा भाव, क म्हणजे कोथिंबिरीच्या. कंस म्हणजे एक वाटा. मेथी १० रुपये, कोथिंबीर ५ रुपये धरली तर वाटा ३५ रुपयांचा, सगळे मिळून २१०. वेगवेगळे गुणले तरी २१०च येतात, करून बघा. उद्या भाव बदलला तरी कंस तोच. व्यापारी घाईघाईत हिशोब सांगतो तेव्हा हे फार उपयोगी पडते.

काही मुले २(६म + ९क) लिहून मोकळी होतात. ते चूक नाही, पण अर्धेच काम आहे. आत अजून ३ ने भाग जातो की!

मसावि वजाबाकीनेपण निघतो. मोठ्यातून लहान काढत जायचे. १८ - १२ = ६, मग १२ - ६ = ६. सारखे आले की तोच मसावि. ही रीत ग्रीक गणिती युक्लिडने सुमारे २३०० वर्षांपूर्वी लिहिली. आपल्या भास्कराचार्यांनी ११५० साली 'लीलावती' लिहिली. तिच्यातली कितीतरी गणिते एका मुलीला विचारलेली आहेत. तेव्हा मुलीला गणित चालत होते, मग आत्ता आमच्या ताईला का नको? तिला दहावीपर्यंत तरी शाळेत पाठवलेच पाहिजे, असे माझे स्पष्ट मत आहे.

आता मेथीच्या १३ जुड्या असल्या तर? १३ आणि १८ चा मसावि १. वाटेच पडत नाहीत. तेव्हा एक जुडी सरळ घरच्या भाजीला ठेवावी.