दोरीवरचे मूल आणि पडद्यावरचा कृष्ण

दादासाहेब फाळके यांच्या ‘कालिया मर्दन’ (१९१९) या मूकपटाचा आरंभ आम्हांस त्यातील सर्पयुद्धाहूनही मोलाचा वाटतो. कथा सुरू होण्यापूर्वी पडद्यावर येते ती फाळक्यांची कन्या मंदाकिनी. वय अवघे सात. तिच्या मुद्रेवर भाव उमटतात, पालटतात, आणि पाहता पाहता तोच चेहरा बाळकृष्णाचा होतो. सोंग कोणाचे, हे आधीच सांगून टाकले. तरीही पुढे लोणी चोरणारे ते खट्याळ पोर आपणांस कृष्णच वाटते.

ही रीत रस्त्यावरच्या कलावंताची. दारी आलेला बहुरूपी खरा फौजदार नव्हे हे ठाऊक असूनही आपण क्षणभर दचकतोच. फाळके स्वतः जादूचे प्रयोग करीत. आडनाव उलटे फिरवून त्यांनी ‘प्रोफेसर केल्फा’ हे नाव घेतले होते. १९१३ साली मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तेव्हा त्याच्या जोडीला नाच होता आणि पायांनी वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचा खेळही होता.

आमच्या आदिलाबादेत घरी मराठी, बाजारात तेलुगू, गुड्यांत गोंडी. असल्या मुलखात मुक्या विनोदाला दुभाष्या लागत नाही. (केसलापुरी नागोबाला पुजणाऱ्या मेश्राम मंडळींना कालियाचे मर्दन कितपत रुचेल, ही शंका मात्र आहेच!)

परंतु आम्ही पडलो मास्तर. आठवडी बाजारात ढोलकीच्या तालावर दोरीवरून चालणारी डोंबाऱ्याची पोर मंदाकिनीच्याच वयाची असते. लोक टाळ्या देतात, नाणी टाकतात. ती कितव्या इयत्तेत, हे कोणी पुसत नाही. घरच्या मुलांचेही सारेच गोड नव्हते. ‘हरिश्चंद्रा’त रोहिदास झालेला फाळक्यांचा मुलगा भालचंद्र चित्रणाच्या वेळी पडून बेशुद्ध झाला आणि त्याच अवस्थेत रोहिदासाच्या मृत्यूचा प्रसंग टिपला गेला, असे सांगतात. कलेवरील त्या निष्ठेचे कौतुक आम्हांस पुरते करवत नाही.

मागे आमच्या शाळेत डोंबाऱ्याचा एक मुलगा दोन महिने होता. वाचन बेताचे, पण मधल्या सुटीत आमची चाल, आमचा चष्मा सावरणे, सारे असे हुबेहूब करी की शिक्षकही तोंड फिरवून हसत. पुढे पाले उठली. दाखला न्यावयास कोणी आले नाही.