नूतनीकरणाचे तास
बीड जिल्ह्यातल्या उपकेंद्रात काम करणाऱ्या एएनएम (सहायक परिचारिका-प्रसाविका) सिस्टरला दर 5 वर्षांनी आपल्या नोंदणीचे नूतनीकरण करून घ्यावे लागते. शुल्काबरोबर महाराष्ट्र परिचर्या परिषद निरंतर शिक्षणाचा हिशेबही मागते. भारतीय परिचर्या परिषदेने 5 वर्षांसाठी 150 तास ठरवले आहेत. ही अट मला मनापासून पटते. सपाट प्रदेशात एका उपकेंद्रामागे 5,000 लोकसंख्या धरलेली असते, आणि तिथल्या बाळंतिणीला भेटणारी पहिली प्रशिक्षित व्यक्ती बहुधा हीच असते. तिचे ज्ञान शिळे राहून कसे चालेल? पण हे तास कुठे आणि कशाचे? मोठ्या शहरातल्या सभागृहात मिळालेल्या प्रमाणपत्रांनी इथल्या धारूर-वडवणी तालुक्यांतल्या बाईचे काय भले होणार? दिवाळीच्या सुमारास इथली कुटुंबे ऊसतोडीला निघतात. गरोदर बाईही कोयता उचलते, तिच्या तपासण्या, बाळाच्या लसी अर्ध्यावर सुटतात. ऊसतोड महिलांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची 2019 मध्ये चौकशी झाली, ती याच जिल्ह्यातली. गोष्ट थेट शस्त्रक्रियेवर जाऊ नये, तर अंगावरून पांढरे जाते, पाळीत फार दुखते, असे सांगणाऱ्या बाईला औषध पुरेल की तज्ज्ञ हवा, हे ओळखणारी सिस्टर गावातच हवी. म्हणून यातले निदान काही तास अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालयात, ऊसतोडीच्या टोळ्या निघण्याआधी, भाद्रपदातच, याच विषयांवर व्हावेत. आणि ते दिवस कामाचेच धरावेत, कंत्राटी सिस्टरचेही.