मनोरुग्णालयात दाखल करताना नातेवाइकाची सही पुरते का?

सालेकसा किंवा देवरीहून रुग्णाला नागपूरच्या प्रादेशिक मनोरुग्णालयात नेणं म्हणजे घरच्यांचा आख्खा दिवस जातो. तिथे एकदा सही केली की पुढचं डॉक्टर ठरवतील, असा अनेकांचा समज असतो. पण 29 मे 2018 पासून लागू असलेला मानसिक आरोग्यसेवा कायदा वेगळं सांगतो.

इथे रक्ताचं नातं दुसऱ्या क्रमांकावर येतं. सज्ञान रुग्णाने 'नामनिर्देशित प्रतिनिधी' म्हणून कुणाला निवडलंय, ते आधी बघतात. तो मित्रही असू शकतो. स्टॅम्पपेपर नको, साध्या कागदावर सही किंवा अंगठा पुरतो. माणूस बरा असताना हा कागद करून ठेवायचं कुणाला सुचत नाही, ही खरी अडचण. कुणालाच नेमलं नसेल, तर नातेवाइकाचा नंबर लागतो.

रुग्ण स्वतः निर्णय घेण्याच्या स्थितीत नसेल, तर प्रतिनिधीच्या अर्जावर दाखल करता येतं. मात्र दोन तज्ज्ञांची स्वतंत्र तपासणी हवी आणि मुदत जास्तीत जास्त 30 दिवस. त्यापुढे मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाची परवानगी लागते. महिलेला दाखल केल्यास रुग्णालयाने मंडळाला 3 दिवसांत कळवायचं असतं, पुरुषाला केल्यास 7 दिवसांत.

आजार कोणता, उपचार काय, सुट्टी कधी, हे विचारायचा हक्क प्रतिनिधीला आहे. दाद मागायची तर मंडळाकडे अर्जाला फी नाही. रुग्णाला वकीलही मोफत मिळतो. गोंदियात त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, हेल्पलाइन 15100.

आणि घरच्यांनीच परत न्यायला नकार दिला तर? घरी राहण्याचा हक्क मिळवण्यासाठी रुग्णाला कायदेशीर मदत देणं ही सरकारची जबाबदारी आहे.